म्हशीला काम सांगत न्हाईत

हौदात पाय सोडले, की गुरुजी डोळे मिटून जाहीर करायचे, "आता मी म्हैस हाय. म्हशीला काम सांगत न्हाईत."

दुपारी हमखास कुठं सापडणार हे ज्याच्याबद्दल सगळ्यांना ठाऊक असतं, असा एखादा माणूस तुमच्याही ओळखीत असेल. पालमजवळच्या आमच्या शाळेत तो मान गुरुजींचा. शाळेमागं गावातल्या जनावरांना पाणी पाजायचा हौद होता. मधली सुट्टी झाली की पॅन्ट गुडघ्यापर्यंत दुमडून स्वारी त्याच्या कठड्यावर. एकदा मेंढ्या घेऊन आलेली आजी कडाडली, "मास्तर, माझ्या मेंढ्यांनी तुमच्या पायाचं पाणी प्यावं काय?" तेव्हापासून गुरुजी आधी तांब्यानं पाय घासून धुवायचे आणि मग ते धुतलेले पाय भिजवायला बसायचे.

आळशी होते का? होते की! पण सुट्टी संपली की ते टवटवीत होऊन वर्गात शिरायचे, आणि आम्ही बाकीचे शिक्षक सरकारी माहितीचे तक्ते भरून भरून पार कोमेजलेले असायचो.

मी तेव्हा नवी होते आणि लय शहाणी होते. आमच्या घरातली पहिली सरकारी नोकरी माझी. दम खाणं म्हणजे पाप, असं माझं ठाम मत. माझे वडील, अण्णा, वारले, तरी चार दिवसांत मी शाळेत हजर! रडले नाही. सुट्टीतही मान खाली घालून वह्या तपासत बसायची. झोप उडाली, घास गिळवेना, पोरांवर नुसती खेकसायची. नोकरीच सोडून द्यावी असं मनात पक्कं होत आलं होतं.

एके दिवशी गुरुजींनी माझ्या हातातला लाल पेन काढून घेतला. "चला बाई. म्हशी बघायच्यात."

हौदापलीकडच्या ओढ्यात म्हशी बसलेल्या. नुसती डोकी वर, तोंडं हलतायत.

"बघा. तहसीलदार येऊ द्या न्हाईतर वाघ, एक तरी उठंल का?"

"गुरुजी, मला कामं पडलीत."

"अण्णा कुणाचे गेले? तुमचे. मग रडायचं काम कोण करणार, हेडमास्तर?"

माझं डोकंच फिरलं. काय माणूस आहे! काहीतरी तोडून बोलणार होते, पण तोंडातून हुंदकाच फुटला. कठड्यावर बसले, पाय पाण्यात सोडले आणि पदर भिजेपर्यंत रडले. गुरुजी डोळे मिटूनच म्हणाले, "निवांत रडा. म्हशी कुणाला सांगत न्हाईत."

त्या रात्री मी दोन भाकरी खाल्ल्या. सरळच सांगते, त्या माणसानं मला वाचवलं.

त्यांच्या निरोप समारंभाला आम्ही हुशारांनी काय द्यावं? शाल, श्रीफळ आणि पाय शेकायचं विजेचं यंत्र! गुरुजींनी ते उलटसुलट करून बघितलं. "लय भारी हाय. पण यात म्हैस कुठं बसंल?" पुढं त्यांच्या घरी गेले, तर त्या यंत्रात कोंबड्या पाणी पीत होत्या.

गेल्या उन्हाळ्यात गुरुजी गेले. शाळेत शोकसभा झाली. गेलेल्या माणसाला शोकसभेत कामसू ठरवायची आपल्याकडं रीतच आहे. नवे हेडमास्तर घसा खाकरून म्हणाले, "गुरुजींनी आयुष्यात क्षणभरही विश्रांती घेतली नाही."

मला हसू आवरेना. तोंडाला पदर लावून बाहेर पळाले, ती थेट हौदावर. एक म्हैस पाणी पीत होती. तांब्या अजून तिथंच होता. पाय नीट घासून धुतले आणि पाण्यात सोडले. म्हशीनं एकदा बघितलं, फुर्र केलं आणि परत तोंड पाण्यात घातलं. हसता हसता माझे डोळे वाहायला लागले.

मागून हेडमास्तरांची हाक आली, "बाई, चला, आभार तुम्हाला मानायचेत!"

मी वळलेसुद्धा नाही. म्हटलं, "सर, आत्ता मी म्हैस हाय."