तांब्याची तार

आमच्या अणुभट्टीत एक बाई होत्या, त्यांना सगळे घड्याळताई म्हणायचे. गळ्यात कायम स्टॉपवॉच. चहासुद्धा त्या वेळ लावून उकळायच्या. "अहो ताई, चहा आहे, रॉकेट नाही!" असं मी चिडवलं की म्हणायच्या, "तू गप रे, घाईगडबड्या."

नमुने भट्टीत पाठवायचं काम माझं, बाहेर काढून घ्यायचं त्यांचं. आत न्यूट्रॉनचा असा मारा होतो की साधा, निरुपद्रवी धातूही बदलतो आणि स्वतःच किरण फेकायला लागतो. बाहेर आला की हळूहळू निवतो. कुणी मिनिटांत, कुणी वर्षांत. म्हणून नमुन्याची पुडी बांधायची ती अॅल्युमिनियमच्याच तारेने. ती अर्ध्या तासात निवते. ताई तो अर्धा तास मोजायच्या, मगच चिमट्याने पुडी उचलायच्या. बावीस वर्षांत एक मिनिट इकडचं तिकडे झालं नाही.

एके दिवशी माझी तार संपली. भांडार दोन जिने खाली. कोण जातंय, म्हणून खिशातल्या तांब्याच्या तारेने पुडी बांधली आणि दिली ढकलून. तांबं निम्मं निवायलाच अर्धा दिवस लागतो, हे मला तोंडपाठ होतं. तरीही!

ताईंनी अर्धा तास मोजला, पुडी उचलली आणि मीटर किंचाळलं. पुडी कुणी जवळून न पाहताच शिशाच्या डब्यात बंद होऊन कचऱ्यात गेली. इजा कुणाला झाली नाही, पण चौकशी बसली.

"वेळेआधी उचललीत," साहेब म्हणाले.

"पूर्ण अर्धा तास थांबले होते, साहेब."

साहेब माझ्याकडे वळले. "तार कोणती होती?"

"नेहमीचीच," मी म्हणालो. सांगायला लाज वाटते, पण माझा आवाज जरासुद्धा कापला नाही.

ताईंचं स्टॉपवॉच काढून घेतलं. त्यांना तळघरात बसवलं, जिथे किरणोत्सर्गी कचरा निवेपर्यंत ठेवतात. उद्या सांगू, उद्या सांगू, असं मी रोज ठरवायचो. बायकोजवळही बोललो नाही. ताई दिसल्या की वाट बदलायचो. त्याच लांबून हाक मारायच्या, "काय रे घाईगडबड्या, लेक कशी आहे?" मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

अशी नऊ वर्षं गेली. निवृत्तीच्या दिवशी ताई माझ्या टेबलाशी आल्या आणि रुमालातून तारेचा तुकडा काढला. लालसर, माझ्याच हाताने पिळलेला.

"डबा माझ्याकडेच आला होता. निवल्यावर उघडला. हात लाव, आता काही होत नाही."

"ताई, मग साहेबांना का नाही सांगितलंत?"

"तू सांगशील म्हणून थांबले."

तार माझ्या हातावर ठेवून त्या जिना उतरल्या. आता तरी सांगून टाकावं म्हणून मी उठलोही. पण ते साहेब कधीच निवृत्त झाले होते, आणि आता ताईही.