वहिनीचा अंगठा

वैशालीवहिनी मला एरवी 'भाऊजी' म्हणायची आणि अहो-जाहो करायची. हातात गेमचा कंट्रोलर आला की मात्र मी तिच्यासाठी नुसता 'नित्या' व्हायचो. "नित्या, बाजूला हो, माझ्या गाडीला घासू नकोस," असं टीव्हीवरची नजर न काढता सांगायची. खेळ संपला की उठून शांतपणे विचारायची, "भाऊजी, चहा घेणार ना तुम्ही?" आई सुरुवातीला चपापली होती. मग एकदा वहिनीने आईलाच शेजारी बसवून गाडी चालवायला लावली, आणि तो विषय घरात परत निघाला नाही.

ती डोंबिवलीची. टीव्हीला जोडायचा तो गेमचा खोका खरं तर तिच्या भावाचा, पण लग्नानंतर तिने तो मागून घेऊन आमच्या ठाण्यातल्या वर्तकनगरच्या घरी आणला. माझा मोठा भाऊ, दादा, त्यात कधी रमला नाही. आम्ही दोघं खेळायचो, तो पेपर वाचायचा. वहिनी हरायची बरेचदा, कारण मध्येच गाडी हळू करून ती आजूबाजूची झाडं, घरं बघत बसायची. मी चिडलो की म्हणायची, "पहिला नंबर तू घे रे. मला रस्ता बघू दे."

नौपाड्यातल्या एका चष्म्याच्या दुकानात ती कामाला होती. फ्रेमचे डोळ्यांना धड न दिसणारे स्क्रू ती बोलता बोलता बसवायची. पुढे खोका बिघडला, माळ्यावर गेला. आई गेली. माझं लग्न झालं, मी डोंबिवलीला राहायला गेलो. आणि मग एक दिवस वहिनीच्या हातातून स्क्रू निसटायला लागले.

तिला वाटलं, चष्म्याचा नंबर वाढला असेल. नंबर तोच होता. बऱ्याच तपासण्यांनंतर डॉक्टरांनी दादाला आत बोलावून सांगितलं, की एकेक स्नायू काम करणं थांबवत जाईल, डोकं शेवटपर्यंत लख्ख राहील, आणि यावर औषध नाही. दादाने घरी येऊन तिला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे सगळं कळत राहणार. हे जरा जास्तच झालं."

दुकान सुटलं. घरी बसून ती कंटाळायची, म्हणून मी कॉम्प्युटरवर खेळायला नवा कंट्रोलर नेला. तिने तो हातात धरला आणि परत दिला. "याची बटणं घट्ट आहेत, भाऊजी. माळ्यावर आपला जुना असेल बघा. त्याला माझी बोटं ठाऊक आहेत."

जुना सापडला, पण त्याच्या वायरचं जाडजूड टोक लावायला कॉम्प्युटरला जागाच नव्हती. मधे जोडायचा अडॅप्टर आणला. मग कॉम्प्युटरला कंट्रोलर दिसला, पण त्याने सगळा गोंधळ घातला. ब्रेक दाबला की गाडी सुसाट सुटायची, डावीकडे वळवली की खेळच थांबायचा. वहिनी डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. "माझ्यासारखंच झालंय याचं. सांगते एक, होतं भलतंच."

मी एकेक बटण नव्याने ठरवत गेलो. ती दाबायची, मी कॉम्प्युटरला सांगायचो, की हा ब्रेक, हा गिअर. "हॉर्न पाहिजेच हं," ती म्हणाली. हॉर्नही बसवला.

त्यानंतर रविवारी मी ठाण्याला जायचो. एखादं बोट हरलेलं असायचं. त्याचं काम मी दुसऱ्या बोटाकडे द्यायचो. ब्रेक उजव्या हातातून डाव्या हातात गेला. मग गिअर गेले, खेळालाच ते सांभाळायला लावलं. "हॉर्न काढून टाका आता," ती एकदा म्हणाली. "पुढच्यांनी समजून घ्यावं." शेवटी गाडी आपोआप पुढे जायची आणि वहिनी डाव्या अंगठ्याने छोटी दांडी हलवून ती फक्त वळवायची. तो अंगठाही मंदावला, तेव्हा मी सेटिंग बदलून दांडी नाजूक करत गेलो. जरा हलली तरी पुरे.

"पुढच्या वेळी काय काढाल?" तिने विचारलं. मी वायर गुंडाळत राहिलो.

हळूहळू तिचं बोलणं जड झालं. दादाशिवाय कुणाला ते कळेना. तिच्या शेवटच्या रविवारी ती समुद्राकाठच्या रस्त्यावर होती. बाकीच्या गाड्या केव्हाच पुढे गेल्या होत्या. तिची गाडी कठड्याला टेकून थांबली. मी हात पुढे केला तशी ती काहीतरी म्हणाली.

"राहू दे म्हणतेय," दादा म्हणाला. "समुद्र दिसतोय तिथून."

आम्ही तिघं त्या पडद्यावरच्या पाण्याकडे बघत बसलो. त्याच आठवड्यात तिला श्वास घ्यायला त्रास होऊ लागला. हॉस्पिटलमधून ती घरी आली नाही.

तेराव्यानंतर पाहुणे गेले आणि दादा कॉम्प्युटरसमोर येऊन बसला. "ती काय करायची ते मला दाखव," म्हणाला. मी गाडी सुरू करून दिली. त्याने अंगठा लावला मात्र, गाडी गर्रकन वळून कठड्यावर आदळली. पुन्हा लावला, पुन्हा तेच.

"जोर कमी कर," मी म्हणालो.

"मी जोर लावतच नाहीये रे."

"दादा, तिच्या अंगठ्यात जेवढा उरला होता, तेवढ्यावर बसवलंय ते."

तो त्या दांडीकडे बघत राहिला. मग श्वास रोखून त्याने अंगठा नुसता टेकवला, आणि गाडी किंचित डावीकडे झाली.

"एवढासा?" तो म्हणाला.

मी मान हलवली. त्याच्या हनुवटीवरून पाणी कंट्रोलरवर पडत होतं. सेटिंग बदलून देऊ का, असं मी विचारलं.

"नको," दादा म्हणाला, आणि गाडी पुन्हा रस्त्यावर आणायला लागला.