बेचाळिसाव्या जहाजाची बेंबी

इंडोनेशियातल्या तानाबेरू गावच्या किनाऱ्यावर म्हातारा दाएंग मपाता कागदावर एक रेघही न ओढता जहाजं बांधायचा. लाकूड तासायला हातात वाकस आणि मापाला डोळा, एवढीच त्याची विद्या. स्वतः मात्र कधी समुद्रात गेला नाही. त्याला बोट लागायची.

जहाज पाण्यात सोडण्याआधी त्याच्या तळाच्या कण्याला मधोमध गिरमिटाने भोक पाडायची रीत होती. ती जहाजाची बेंबी. ती पडली की जहाज जन्मलं म्हणायचं. बेचाळिसाव्या जहाजाला दाएंगने मंत्र पुटपुटत भोक पाडलं आणि भुसा जहाजाच्या मालकाच्या ओंजळीत ठेवला. तेवढ्यात मालकाने शहरातून आणलेला फोटोवाला ओरडला, "आजोबा, थांबा! कॅमेऱ्यात वाळू गेली. पुन्हा एकदा पाडा की!"

दाएंगची बायको रबिया चिकट भाताचं ताट घेऊन उभी होती. ती म्हणाली, "मला पाच पोरं झाली रे बाबा. एकाचीही नाळ सुइणीने फोटोसाठी दोनदा कापली नाही!"

सारा किनारा हसला. फोटोवाला ओशाळला. "मग निदान भोकाशेजारी बसा तरी," तो म्हणाला. पण तोवर दाएंगने भोकात लाकडाची खुंटी ठोकून वरचं टोक तासून टाकलं होतं. आता ते कुणाला दाखवूनही दिसलं नसतं.

दुसऱ्या दिवशी भरतीला जहाज गेलं. पुढच्या टोकावर मालकाचं नाव सोनेरी अक्षरांत चमकत होतं. दाएंगचं नाव कुठेच नव्हतं. त्याची खुंटी होती, पाण्याखाली.