दिपमालाने न सांगितलेला फोन

पाचोऱ्यात दिपमालाकडे साडीला फॉल लावायला, पिको करायला तीन गल्ल्यांतून बाया येतात. नवरा नवल नगरपालिकेत पाणी सोडायच्या कामावर होता. दोन हजार सोळाच्या मार्चमध्ये तो सकाळी कामाला म्हणून निघाला आणि परतला नाही. सायकल स्टेशनबाहेर सापडली. पोलिसांत तक्रार झाली, पाहुण्यारावळ्यांकडे शोध झाला. घरात उरल्या तिघी: दिपमाला, मुलगी साक्षी आणि सासू भागाबाई.

साक्षी बारावी झाली तेव्हा नगरपालिकेतल्या एका कारकुनाने सुचवलं, "नवल मृत असल्याचा कोर्टाचा निकाल आणा. मग पोरीचा अनुकंपा नोकरीचा अर्ज घेता येईल."

वकील वृषालीताईंनी समजावून सांगितलं. सात वर्षं ज्याची काहीच खबर नाही, त्याला कोर्ट मृत धरतं. मग त्यांनी विचारलं, "या काळात फोन, चिठ्ठी, कुणाला दिसला, असं काही? असेल तर आत्ताच सांगा. पुढे निघालं तर अंगाशी येतं."

"काही नाही," दिपमाला म्हणाली.

पण होतं. करोनाच्या पहिल्या वर्षी, उन्हाळ्यात, अनोळखी नंबरवरून फोन आला होता. नवल होता. "सगळ्या बऱ्या आहात ना?" एवढंच आधी विचारलं. मग म्हणाला, "मी सुरतेकडे आहे. इथं दुसरं घर केलंय. आईला सांगू नको, ती पायी निघेल." दिपमालाने काही विचारायच्या आत फोन ठेवला. पुन्हा लावला तर बंद. ती कुणालाच बोलली नाही. सासू खरंच पायी निघाली असती, यात तिला शंका नव्हती.

दावा दाखल झाला. नवलची काहीही खबर नाही, असं तिने प्रतिज्ञापत्रावर लिहून दिलं. उलटतपासणीतही तेच सांगितलं. नगरपालिकेच्या वकिलांनी फारसं ताणलं नाही. आता भागाबाईंची साक्ष तेवढी राहिली होती.

त्या दिवशी म्हातारी धुतलेलं पांढरं लुगडं नेसून साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहिली. नगरपालिकेच्या वकिलांनी विचारलं, "मुलाचा काही फोन, निरोप?"

"नही," भागाबाई म्हणाल्या. "मन्हा पोऱ्या जित्ता ऱ्हाता ते माले एक फोन तरी करता. तो नही शे आता." आणि इतकी वर्षं जे तोंडातून निघालं नव्हतं, ते बोलून गेल्यामुळे पिंजऱ्याचा कठडा धरून त्या रडू लागल्या.

मागच्या बाकावर बसलेली दिपमाला उठली. "साहेब, त्यांना थांबवा. त्यांना माहीत नाही. फोन आला होता, माझ्याकडे."

वृषालीताईंनी वळून पाहिलं. न्यायाधीशांनी तिला पुढे बोलावलं. तिने महिना, वर्ष, बोलणं, सगळं सांगितलं.

"प्रतिज्ञापत्रावर खोटं लिहून देणं गुन्हा आहे, हे माहीत होतं?"

"वकीलबाईंनी बजावलं होतं. तरी मी त्यांनाही खोटंच सांगितलं. चूक माझी एकटीची."

ती स्वतःहून बोलली याची न्यायाधीशांनी नोंद घेतली आणि कडक समज दिली. पुढची कारवाई केली नाही. फोन आल्यापासून सात वर्षं झाली नव्हती, त्यामुळे दावा टिकणारच नव्हता. नव्याने दाखल करायची मुभा ठेवून वृषालीताईंनी तो काढून घेतला. बाहेर आल्यावर त्या एवढंच म्हणाल्या, "आधी मला सांगायचं होतं, दिपमालाताई."

भागाबाई कोर्टाच्या आवारात लिंबाखाली बसल्या होत्या. दिपमाला शिव्या खायच्या तयारीने शेजारी टेकली.

"तू माले काबर नही सांगं?" सासूने विचारलं.

"तुम्ही निघून गेल्या असत्या, आई."

म्हातारीने मान हलवली. हे तिलाही पटलं असावं. मग तिने विचारलं, "आवाज कशा व्हता त्याना? खोकला व्हता का?"

"नाही. चांगला खणखणीत होता."

"मंग बरं शे," भागाबाई म्हणाल्या, आणि दिपमालाचा हात धरून उठल्या.

साक्षी आठवडाभर आईशी बोलली नाही. हातातोंडाशी आलेली नोकरी गेली होती, आणि बाप जिवंत असल्याचं तिला भर कोर्टात कळलं होतं. पुढे जळगावला एका रक्त तपासणीच्या लॅबमध्ये तिला काम मिळालं. आता ती रोज गाडीने जाऊन-येऊन करते. रागही हळूहळू निवळला. एकदा जेवताना तीच म्हणाली, "दोन हजार सत्तावीसमध्ये कोर्टात पुन्हा दावा करता येईल."

"करू," दिपमाला म्हणाली. "पण त्याआधी पुन्हा फोन आला, तर तोही सांगणार."

भागाबाई हल्ली ओट्यावर बसतात. कुणी नवलचा विषय काढला, की सुरतेकडे राहतो म्हणून सांगतात. मग त्याच्या लहानपणीच्या खोड्या निघतात, आणि आत मशीन चालवणारी दिपमाला मधेच एखाद्या विसरलेल्या खोडीची आठवण करून देते.