झाडपाल्याचा डबा

सेवेतली कितीतरी प्रकरणं मी विसरलो. निवृत्तीनंतरचं हे एक मात्र डोक्यातून जात नाही. त्याचा गुन्हा कुठेच नोंदला गेला नाही. पंच नव्हते, आरोपपत्र नव्हतं, आणि ते घडलं माझ्या हद्दीपासून समुद्रापलीकडे, बहारीनमध्ये.

बायको गेल्यावर मुलाने मला इथे सनाबिसला आणलं. मुलगा आणि सून सकाळीच ऑफिसला जातात. नात शाळेतून आली की मी मराठीत विचारतो, ती इंग्रजीत उत्तर देते, आणि संभाषण तिथेच संपतं. ज्याच्या टेबलासमोर सकाळपासून तक्रारदारांची रांग लागायची, त्या मला दारावरची बेल वाजली तरी बरं वाटायचं. बहुतेक वेळा पाण्याची बाटली देणारा असायचा.

खालच्या मजल्यावर एका खोलीत रायगडचे एक गृहस्थ राहायचे. नाव सांगत नाही. मी त्यांना भाई म्हणायचो, ते मला साहेब. सित्राला एका गोदामात स्टोअरकीपर होते. पत्नी वारलेली, एकुलती मुलगी लग्न होऊन जर्मनीला गेलेली. संध्याकाळी ते कंपनीच्या बसमधून उतरले की आम्ही कोपऱ्यावर कडक चहा घ्यायचो. माझ्या दिवसातलं मराठी तेवढंच.

त्या वर्षी मी हयातीच्या दाखल्यासाठी गावी निघालो होतो. मोबाईलवरही होतो म्हणतात, पण मला तेवढंच निमित्त. आखातातली रीत अशी की गावी जाणाऱ्याच्या बॅगेत बाकीच्यांचं सामान जातं. ते उघडून बघायचं नसतं. बघितलं तर देणाऱ्याचा अपमान. भाईंनीही बहिणीसाठी दूध पावडरचा एक जुना डबा आणून दिला. त्यांची ही थोरली बहीण गावातल्या घरात एकटीच राहायची.

रीत ठीक आहे, पण मला सख्ख्या आईने डबा दिला असता तरी मी उघडला असता. पोलिसाची खोड, स्वभावाला औषध नाही. झाकण निघालं आणि मी थेट आमच्या मुद्देमालाच्या खोलीत जाऊन उभा राहिलो. अमली पदार्थ विरोधी पथकात असताना तो वास इतका अंगात मुरायचा की बायको कपडे दाराबाहेर काढायला लावायची.

आपल्याकडे कायदा नुसती पानं वेगळी धरतो आणि फुलोऱ्याचे शेंडे वेगळे. शेंडे म्हणजे गांजा. डब्यात पान जवळजवळ नव्हतंच, सगळे वाळलेले शेंडे होते. हे इथे सापडलं असतं तर भाई आधी तुरुंगात आणि मग कायमचे देशाबाहेर गेले असते. माझ्या बॅगेत सापडलं असतं तर मी. घाबरलो, हे कबूल करतो.

डबा घेऊन खाली गेलो. चौकशीचा माझा नियम साधा होता. समोरच्याला खुर्ची द्यायची, चहा द्यायचा आणि गप्प बसायचं. शांतता भल्याभल्यांना झेपत नाही, माणूस आपण होऊन बोलतो. भाईंवर हा उपाय चालला नाही. ते माझ्यासमोर निवांत बसून राहिले. शांततेची त्यांना सवयच होती.

शेवटी मीच विचारलं, "भाई, यात काय आहे?"

"झाडपाल्याचं औषध हाय. झोपेसाठी."

"कुणी दिलं?"

"जर्मनीचं हाय, साहेब. तिथं पितात."

"तिथलं तिथं. हा गांजा आहे."

त्यांनी झटकन कानाला हात लावला. "तोबा! काय बोलता? उभ्या जन्मात विडी नाय ओढली मी."

कोकणात झाडपाला म्हटलं की माणूस निर्धास्त होतो. अडुळसा, निर्गुडी, सगळं परसातलं. झाडपाल्यात वाईट ते काय असणार! भाई खोटं बोलत नव्हते. खोटं बोलणारा माणूस आधी डब्यापासून दूर सरकतो. भाई डबा मांडीवर घेऊन बसले होते.

"मुलीने दिला?"

आता मात्र ते खाली बघू लागले. "नाय. मीच घेतला. सुट्टीत गेलेलो ना तिच्याकडं. रोज राती झाडपाल्याचा चहा करून द्यायची. काय झोप लागायची, साहेब! बाल्कनीत कुंड्या होत्या, वर जुड्या वाळत टांगलेल्या. येताना मूठभर काढला. मागायची लाज वाटली."

"इथे घेतलात?"

"दोनदा उकळला. डोकं गरगरलं. झोप कुठली! म्हटलं, मला नाय लागू पडत, बहिणीला पडंल. ती पण जागीच असते."

मी त्यांच्याच फोनवरून मुलीला फोन लावला. आधी ती हसली, मग तिचा आवाज बदलला. "अंकल, ती झाडं माझ्या हजबंडची. इथे घरी तीन झाडं लीगल आहेत, पण विकायचं नाही, बॉर्डरपलीकडे न्यायचं तर अजिबात नाही. अब्बांना मी ते कशी देईन? मी कॅमोमाइलच्या फुलांचा चहा देत होते. सुपरमार्केटमधला."

"त्याने झोप लागते?"

"इतकी नाही, अंकल. अब्बा इथे झोपायचे कारण आम्ही सगळे हॉलमध्ये बोलत बसायचो. दार उघडं ठेवा म्हणायचे." मग तिने विचारलं, "तिकडे ते झोपत नाहीत?"

मी फोन भाईंच्या हातात दिला आणि डबा घेऊन न्हाणीघरात गेलो. सेवेत असतो तर वजन, नमुना, सील, पंचनामा. इथे मी पाणी सोडलं आणि सगळं जाईपर्यंत उभा राहिलो. बाहेर भाई मुलीला सांगत होते, "मी मजेत हाय गं. खलास, पुरे आता, रडू नको."

फोन ठेवल्यावर त्यांनी डोळे पुसले आणि मला विचारलं, "साहेब, तुमाला येते झोप?"

उभ्या नोकरीत आरोपीच्या प्रश्नाला मी कधी उत्तर दिलं नव्हतं. त्या दिवशी दिलं. "नाही, भाई," म्हणालो. हे मी मुलालाही सांगितलेलं नव्हतं.

मग मीच त्यांना म्हणालो, "बहिणीला डबा कसला पाठवता? तुम्हीच चला." त्यांनी लीव्ह टाकली आणि माझ्याच विमानाने आले. मी त्यांना त्यांच्या दारापर्यंत पोचवलं. बहिणीने दार उघडलं, भावाकडे पाहिलं आणि आत पाणी आणायला गेली. महिनाभराने मी परत आलो. भाई आले नाहीत. व्हिसा कॅन्सल करून टाकला.

सेवेत मी शेकडो जणांना विचारलं, माल कुठून आणलास, कुणाला देणार होतास. तो तुला कशाला लागतो, हे एकालाही विचारलं नाही. कलमाला त्याची गरज नव्हती. त्यातले किती जण नुसते एकटे असतील, याचा हिशेब आता लागणार नाही, पण मी तो दिवसभर मांडत बसतो.

परवा भाईंचा फोन आला. बहिणीची तक्रार आहे म्हणाले, तुझ्या घोरण्याने माझी झोप मोडते. बोलताना मजेत होते. मग म्हणाले, "साहेब, तुमी पण या ना इकडं. घर मोठं हाय. मुलाला सांगा आन् या."

"इंशाल्ला," मी म्हणालो.

भाईंनी पुन्हा आग्रह केला नाही. नाही म्हणवत नसलं की इकडे माणसं हाच शब्द वापरतात, हे त्यांना माझ्याहून जास्त ठाऊक होतं.