बरे आणि बरं

माझे वडील एका छापखान्यात मुद्रितं तपासायचे. एकतीस वर्षं. गल्लीत त्यांना सगळे 'अनुस्वार' म्हणत, आणि त्यांनाही ते ठाऊक होतं. दुकानाच्या पाटीवर चूक दिसली की हा माणूस आत जाऊन सांगून यायचा. मी वसतिगृहातून पाठवलेलं पहिलंवहिलं पत्र लाल शाईने दुरुस्त होऊन परत आलं. खाली एकच ओळ: 'मजकूर चांगला आहे.' मी रडले होते की चिडले होते, आता आठवत नाही. बहुतेक दोन्ही.

घरी आणलेल्या कामात त्यांना आईची साथ लागायची. ती हस्तलिखित मोठ्याने वाचायची आणि बाबा छापील कागदावर बोट फिरवत जायचे. वाचायचं म्हणजे सगळंच, चिन्हांसकट. 'राजा म्हणाला, स्वल्पविराम, अवतरण सुरू.' बाहेरच्या कोणी ऐकलं असतं तर दोघांना वेड लागलंय म्हणाला असता.

त्यांचं शेवटचं मोठं काम म्हणजे जुन्या संस्कृत कथांचं मराठी भाषांतर. त्या कथांची खोडच अशी, की कोणी शहाणपणाचं काही बोललं की समोरचा विचारतो, 'ते कसं?' झालं! हातातली गोष्ट तिथेच टाकून दुसरी सुरू. प्रधान राजाला गोष्ट सांगतोय, त्या गोष्टीतला कोल्हा बगळ्याला सांगतोय, आणि कोल्ह्याच्या गोष्टीतलं हरीण हरिणीला. प्रत्येकाचं अवतरण वेगळं, आणि शेवटी सगळी आठवणीने बंद करायची. आईला ते फार आवडायचं. एकापाठोपाठ तीन अवतरणं मिटली की ती म्हणायची, 'चला, सगळे आपापल्या घरी पोचले.'

त्या रविवारी सकाळी ती हरणाच्या गोष्टीत होती. तळं आटलंय, दोघं पाणी शोधत निघालीत, आणि हरीण चालता चालता बायकोला शहाणपण शिकवतंय. वाचता वाचता आई थांबली आणि म्हणाली, 'मला बरं वाटत नाहीये.'

बाबांचं बोट कागदावर अडलं. 'ही ओळ इथे नाही,' ते म्हणाले. छापताना ओळ गाळली जाणं त्यांना नवं नव्हतं. त्यांनी खूण केली आणि समासात लाल शाईने लिहिलं, 'मला बरे वाटत नाही.' बरं नव्हे, बरे. छापील पुस्तकात बोली त्यांना खपायची नाही. मग म्हणाले, 'हं, पुढे वाच.'

आणि ती वाचत राहिली. आणखी चार पानं! का वाचत राहिली, याचा मला तिच्यावर अजून राग येतो. तिने तिन्ही अवतरणं मिटवली आणि आत जाऊन पडली. नेहमीचं वाक्य तेवढं म्हणाली नाही. डॉक्टर येईपर्यंत सगळं संपलं होतं. हृदय, ते म्हणाले.

पुस्तक छापून आलं. त्यात हरिणी म्हणते, 'मला बरे वाटत नाही,' आणि हरीण आपलं तोंड चालूच ठेवतं. कोणाच्या काही लक्षात आलं नाही. मी मात्र बाबांशी नऊ वर्षं कामापुरतंच बोलले. 'पुढे वाच' हे मी माझ्या कानांनी ऐकलं होतं. त्यांनी माझ्या अबोल्याचं कारण कधी विचारलं नाही, आणि त्यानेही माझा जळफळाट व्हायचा.

गेल्या महिन्यात दुसऱ्या आवृत्तीची मुद्रितं आली. नव्या संपादकांनी मूळ संस्कृत समोर ठेवून त्या ओळीखाली रेघ मारली होती: 'मुळात नाही. वगळावे.' ओळ गेली की आईचं शेवटचं बोलणंही जाणार होतं. बाबांची नजर आता अधू झालीय, म्हणून वाचायला मी गेले. आईच्याच खुर्चीत बसावं लागलं, टेबलाला दुसरी खुर्चीच नाही.

'मला बरे वाटत नाही,' मी वाचलं.

'ती असं नव्हती म्हणाली,' बाबा म्हणाले.

त्यांनी चेहरा कागदाला टेकेल इतका खाली नेला. 'बरे'ची मात्रा खोडली, वर अनुस्वार दिला. 'नाही'ला 'ये' जोडलं. शेजारी लिहिलं, 'असेच ठेवावे.' पहिला अनुस्वार भलत्याच अक्षरावर पडला, म्हणून पुन्हा दिला.

'मला ती हरिणी वाटली गं,' ते म्हणाले.

हे ऐकायची मी नऊ वर्षं वाट पाहत होते. ऐकल्यावर त्यांना काय काय सुनवायचं, तेही पाठ होतं. पण तोंड उघडलं तेव्हा भलतंच बाहेर आलं.

'बाबा, मी आतल्या खोलीत होते. तिचं बोलणं मीही ऐकलं होतं. मी उठले नाही. मलाही हरिणीच वाटली.'

हे मी कोणालाही सांगितलेलं नव्हतं. बाबांनी कागदावरून मान वर केली. मला वाटलं, आता ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी फक्त टोपण लावून पेन खाली ठेवलं.

'राहू दे आता वाचायचं,' ते म्हणाले. 'तुला बरं वाटतंय ना?'

'नाही,' मी म्हणाले.