साडूचे हात आणि हवालदाराचं कपाट

आमच्या साडूला सगळे चुळबुळ्या म्हणतात. धंदा किल्ल्या बनवायचा, आणि हातांना स्वस्थता म्हणून नाही. लग्नाला गेला तरी यजमानांच्या दाराची कडी दुरुस्त करून येणार. मेहुणीने हा नवरा पसंत केला तेव्हा सासरे मला हळूच म्हणाले होते, पोरगा चांगला आहे हो, पण याला एका जागी बसवायचं कसं?

ते पोलिसांनी करून दाखवलं. झालं असं, की बाजारातल्या एका सोनाराकडे चोरी झाली. फुटलं काहीच नव्हतं. कुलूप शहाण्यासारखं उघडून, माल नेऊन, पुन्हा लावून ठेवलेलं. त्या कुलपाची जास्तीची किल्ली साडूनेच कधीतरी बनवून दिलेली, मग पोलीस दुसऱ्या कोणाकडे कशाला जातील?

पहिल्यांदा बोलावलं तेव्हा तो माहीत होतं तेवढं सगळं सांगून आला. पण बोलावणी काही थांबेनात. शिपाई यायचा, गिऱ्हाइकांच्या देखत "चल, साहेब बोलावतात" म्हणायचा, चौकीत बाकावर नेऊन बसवायचा. विचारणं नावाला, शिव्या पोटभर, संध्याकाळी सुटका. कागद कसलाच नाही. अंगाला बोट लावलं नाही कोणी, पण ज्याच्या हाती लोक घराची किल्ली देतात, त्याच्या दारात पोलीस उभा राहिला की झालंच. गिऱ्हाईक वळसा घालून जाऊ लागलं. रस्त्यात बूट वाजले तरी साडू दचकायचा.

एकदा सोबतीला मी गेलो. समोर हवालदाराचं कपाट अडकलेलं. हवालदार लाथा घालून दमला आणि चहाला निघून गेला. इकडे साडूची चुळबुळ सुरू. गप बस म्हटलं, तर म्हणतो, "दादा, स्प्रिंग सरकलीय नुसती. बघवत नाही हो." मी चष्मा पुसेपर्यंत पठ्ठ्याने खिशातल्या तारेने कपाट उघडलं, वर दार नीट बसवलं. हवालदाराने येऊन पाहिलं आणि साहेबांना आणलं. साहेब हसले. ते हसणं मला अजून आठवतं.

"आणखी काय पुरावा पाहिजे?" ते म्हणाले. "उद्या बायकोलाही घेऊन ये."

इथे साहेबांचं गणित चुकलं. मेहुणी तोवर देवाला हात जोडून गप्प होती. निरोप ऐकला, चपला घातल्या आणि थेट वकीलबाईंकडे गेली. बाईंनी समजावलं, की तपास आपल्याला थांबवता येणार नाही, आणि थांबवूही नये. पण तपासाच्या नावाखाली माणसाला असं छळता येत नाही, त्यासाठी कोर्टाकडे दाद मागता येते.

कोर्टात सरकारी वकिलांनी कपाटाची गोष्ट अगदी रंगवून सांगितली. न्यायाधीशांनी साडूला विचारलं, उघडलंत का? वकीलबाई खोकल्या, तरी हा म्हणतो, "हो, अडकलं होतं."

लोक हसले. न्यायाधीश हसले नाहीत. साहेबांकडे वळून म्हणाले, "हे गृहस्थ त्या दिवशी तुमच्या बाकावर कुठल्या नोटिशीवरून बसले होते?"

साहेबांनी फाईल चाळली, त्यात नोटीस नव्हती. हुकूम झाला: तपास करा, पण बोलवायचं तर लेखी, कारण लिहून, दिवसाउजेडी. चौकशीच्या वेळी वकील जवळ राहू शकेल. विनाकारण दुकानावर जायचं नाही, घरच्यांना धमकावायचं नाही.

पुढे नोटीस आली. साडू वकीलबाईंना घेऊन गेला, उत्तरं दिली आणि जेवायच्या आत घरी आला. शिपाई यायचा थांबला. चोर मात्र सापडलेला नाही.

परवा शेजारचा शिंपी बिघडलेलं कुलूप घेऊन आला. कुलूप टेबलावर ठेवलं, किल्ली खिशातच ठेवली. साडूला ते कुलूप उघडायला किल्ली कशाला लागते? पण त्याने हात लावला नाही.

"किल्ली द्या," म्हणाला, "मग करतो."

शिंपी "बघतो" म्हणाला आणि कुलूप उचलून गेला. साडू दोन्ही हात मांड्यांखाली दाबून शिंप्याच्या दुकानाकडे बघत बसला.